दोनशे चौदामधून दोन टकटक

रविवार, सकाळची फेरी: उत्तर नाही

दोनशे चौदा नंबरच्या खोलीत माणूस मेलेला सापडला, यात नवल नव्हते. साथ होती, माणसे मरत होती. नवल होते ते त्याच्या दारावर टांगलेल्या तक्त्यात.

डॉक्टरांनी प्रेत तपासले, हातमोजे उलटे करून काढले आणि म्हणाले, "चार दिवस तरी झालेत. कदाचित पाच. एसी सोळावर आहे म्हणून एवढा टिकला."

दारावरचा तक्ता असा होता:

मंगळवार. सकाळ: ठीक. दुपार: ठीक. संध्याकाळ: ठीक.
बुधवार. ठीक. ठीक. ठीक.
गुरुवार. ठीक. ठीक. ठीक.
शुक्रवार. ठीक. ठीक. ठीक.
शनिवार. ठीक. ठीक. ठीक.

म्हणजे मेलेला माणूस रोज तीनदा आपण ठीक असल्याचे कळवत होता. तीनदा जेवतही होता. ताटे रिकामी परत जात होती.

हे हॉटेल साथीत बंद पडले तेव्हा सरकारने फुटपाथवरच्या लोकांसाठी ताब्यात घेतले होते. साठ खोल्या, साठ माणसे. एक कार्ड, एक पलंग. समोर कोणी असताना दार उघडायचे नाही, संसर्ग होतो. बोलायचेही नाही, फटीतून श्वास येतो. त्यामुळे प्रत्येकाला एकेक स्टीलचा चमचा दिलेला होता. सिस्टरने बाहेरून दार वाजवायचे, आतल्याने चमच्याने दोनदा टकटक करायची, की तक्त्यावर 'ठीक' लागायचे; मदत हवी असेल तर तीनदा. या रविवारी मात्र सगळ्यांच्या घशाची तपासणी होती आणि एकेक दार उघडायचे होते. तसे शुक्रवारीच सगळ्यांना कळवले होते. दोनशे चौदाचे दार आतून उघडले गेले नाही, तेव्हा पहारेकऱ्याने किल्ली लावली.

खात्याकडून चौकशीला आलेल्या मॅडमनी टकटकीचा हा नियम स्वतः लिहिला होता. तेव्हा त्यांना तो फार सुटसुटीत वाटला होता. सोमवारी दुपारी हॉटेलच्या मुदतवाढीवर सही व्हायची होती. एक जरी डाग लागला असता तरी सही अडली असती आणि उरलेली एकोणसाठ माणसे पुन्हा फुटपाथवर गेली असती. मॅडमकडे एक दिवस होता.

मेलेला म्हातारा फुटपाथवर घड्याळे दुरुस्त करायचा. सगळे त्याला घड्याळवाला म्हणत. तो उताणा होता, डोळे मिटलेले, हात सरळ, अंगावर फक्त चादर. प्रेत हलवायला दोघे सफाईवाले आले. डोक्यापासून पायापर्यंत पांढरे सूट, वर चष्मा, वर मास्क. बाई कोण, बुवा कोण, काही कळत नसे, म्हणून प्रत्येकाच्या पाठीवर काळ्या पेनने काम लिहिलेले असे. या दोघांच्या पाठीवर 'स्वच्छता' होते. एकाने खांदे धरले. दुसऱ्याने पाय धरण्याआधी चादर टाचांखाली नीट खोचली. किती व्यवस्थित शिकवलेत, असे मॅडमच्या मनात आले.

मग त्या बाथरूममध्ये गेल्या.

पलंगावर नसलेले पांघरूण टबात होते. उशीही तिथेच होती. आणि बाथरूमच्या दाराखालच्या फटीत टॉवेलचा बोळा घट्ट कोंबला होता. बाहेरच्या बाजूने नव्हे. आतून.

खोलीतला वास आपल्याकडे येऊ नये म्हणून कोणीतरी टबात झोपत होते.

उत्तरे. प्रश्न वगळले आहेत, ते सगळ्यांना माहीत होते.

सिस्टर:

"वाजवलं ना मी. प्रत्येक वेळी वाजवलं. साठ दारं, दिवसातून तीनदा, तरी एक दार चुकवलं नाही. … हो, टकटक आली. दोन. … वेगळं असं काही नाही. उलट सुधारला होता तो. आधी हात थरथरायचा त्याचा, एक टक आता, दुसरी कधीतरी मग. मी आपली ताटकळत उभी. मंगळवारपासून कशी खणखणीत यायला लागली. म्हटलं गोळ्या लागू पडल्या. … ऑक्सिजन? खाली दोन सिलिंडर आहेत की. कोणी मागितलाच नाही तर मी काय दारोदार विकत हिंडू?"

जेवणवाला:

"ताट बाहेरच्या खुर्चीवर ठेवायचं, तासाभराने उचलायचं. माझा संबंध खुर्चीशी, माणसाशी नाही. … दात? छे हो, तोंडाचं पार बोळकं झालेलं. त्याला मऊ जेवण जायचं. … नाही, मंगळवारी मऊ करणारा आजारी पडला, मग सगळ्यांना सरसकट एकच ताट, वर सफरचंद. … खाल्लं की. देठ आणि बिया तेवढ्या परत आल्या, असं कुरतडून खाल्लेलं. … आता तुम्ही म्हणताय तर विचित्र वाटतंय. पण मॅडम, रिकाम्या ताटाकडे कोण बघतं? भरलेलं परत आलं तर आम्ही घाबरतो. … मी खाल्लं? साथीच्या खोलीपुढचं? मला काय जीव जड झालाय?"

पहारेकरी:

"जिना एकच. मी तिथेच. आतला बाहेर नाही, बाहेरचा आत नाही. … सूटवाले जातात येतात. मी पाठ वाचतो आणि सोडतो. तोंड कुठे दिसतंय कोणाचं. … शनिवारीही कोणी बाहेर गेलं नाही. लिहून देतो. … पहिल्या दिवशी? बस आली, साठ माणसं उतरली. घड्याळवाल्याबरोबर गाठोडं होतं. … नाही, त्याने नव्हतं उचललं. त्याला कुठलं उचलवतंय. … कोणी उचललं ते आता कसं आठवणार. … मॅडम, मला लेकरं आहेत."

प्रोफेसर, खोली दोनशे पंधरा. शाळेत कधी शिकवले नाही, पण रद्दीतले पेपर मोठ्याने वाचायची खोड, म्हणून हे नाव:

"बसा म्हणालो असतो, पण तुम्ही आत येणार नाही, मी बाहेर येणार नाही. मोठी सभ्य व्यवस्था आहे. … ऐकू येतं ना. भिंतीला कान लावणं एवढीच करमणूक ठेवलीये तुम्ही आम्हाला. … मंगळवारी सकाळी बोलणं चाललं होतं. मीही एकटा बोलतो, त्याचं काही नाही. पण एकटा बोलणारा माणूस स्वतःला 'बाबा, हळू' असं म्हणत नाही हो. … का नाही सांगितलं? सांगितलं असतं तर तुम्ही काय केलं असतंत? … हां. तेच. म्हणून नाही सांगितलं."

साठ दारे उघडली तेव्हा

पहारेकरी संध्याकाळच्या आत बोलला. मॅडमनी काही धाकदपटशा केला नाही. फक्त त्याच्या शेजारी पायरीवर बसल्या आणि म्हणाल्या, "गाठोडं उचलणारी मुलगी होती की मुलगा?"

तो चपलेच्या अंगठ्याशी खेळू लागला.

"मुलगी. तिशीची असेल. म्हणाली, बाबांचं ओझं वर ठेवते आणि येते. मला वाटलं येईल."

"आणि आली नाही."

"संध्याकाळ झाली तेव्हा लक्षात आलं. मग म्हटलं, आता सांगितलं तर आधी मीच जाणार. दुसऱ्या दिवशी सांगणं आणखी अवघड. आठवडा गेल्यावर तर सांगण्यासारखं काही उरलंच नाही."

म्हणजे एका कार्डावर दोघे राहत होते. मंगळवारी बाप मेला आणि मुलगी त्याच्या जागी टकटक करत राहिली, जेवत राहिली. बाप मेल्याचे कळले असते तर कार्ड रद्द झाले असते आणि खोली गेली असती. इथपर्यंत सगळे जुळत होते.

पण रविवारी एकूण एक दारे उघडली गेली होती. एकोणसाठ जिवंत माणसे, एक प्रेत. पलंगाखाली, कपाटात, गच्चीवर कोणी नाही. जिन्यावरून कोणी गेले नाही, आणि या बाबतीत पहारेकरी खोटे बोलत नव्हता. खोटे बोलण्याची त्याची हौस फिटली होती.

"मग ती इथेच आहे," मॅडम म्हणाल्या.

"कुठे?"

दिवसभर वापरलेले सूट रोज संध्याकाळी पिवळ्या पिशवीत टाकत, सकाळी ते जाळायला जात. मॅडमनी ती पिशवी आणायला सांगितली. हॉटेलातच राहून खोल्यांपाशी काम करणारे सहा जण. सिस्टर, जेवणवाला, पहारेकरी आणि तीन सफाईवाले. प्रत्येकाला दिवसाला एक सूट.

पिशवीत सात निघाले.

पाठी

सोमवारी सकाळी नऊ वाजता मॅडमनी सगळ्यांना खालच्या जेवणाच्या हॉलमध्ये बोलावले. टेबले एकावर एक रचून भिंतीला लावलेली होती. सगळे सूट घालून आले.

"तोंड भिंतीकडे करून उभे राहा."

"शाळा भरली वाटतं," जेवणवाला पुटपुटला. पण वळला.

मॅडम वाचत गेल्या. सिस्टर. जेवण. पहारा. स्वच्छता. स्वच्छता. स्वच्छता. स्वच्छता.

"सफाईवाले तुम्ही किती जण?"

"चार," डावीकडचा म्हणाला.

"नेमणूक तिघांची आहे."

"रविवारी सकाळपासून चौथी आली की. आम्हाला वाटलं वरून पाठवली. आम्ही दोन महिने माणूस मागतोय. कामाला चांगली आहे मॅडम. सांगावं लागत नाही काही. काल त्या म्हाताऱ्याला उचलायला कोणी पुढे होईना, तर हीच झाली."



मग उजवीकडची पाठ न सांगता वळली. तिने चष्मा काढला, मास्क काढला. गालांवर दोन्हींचे वळ उठले होते. बापासारखी दिसत नव्हती. कदाचित मेलेल्या माणसासारखे कोणीच दिसत नाही.

"मजल्यावर सूटचा खोका असतो," ती म्हणाली. "पेनही त्यातच असतं."

ती

मॅडमनी बाकीच्यांना पाठवून दिले आणि एका खुर्चीवर तिला बसवले. मधे सहा फूट अंतर ठेवले.

"नोंदणीला आली नव्हतीस?"

"आले होते. टेबलावर तुम्हीच होता."

"मला आठवत नाही."

"नसणारच. मी एकसष्टावी होते."

ती चार घरी धुणीभांडी करायची. साथ आली तशी चारही घरांनी दारातून निरोप दिला, मग घरमालकाने, मग ती बापाच्या फुटपाथवर आली. हे तिने दोन वाक्यांत सांगितले.

"मंगळवारी काय झालं?"

"सकाळी त्यांना दम लागला. छाती नुसती भात्यासारखी."

"किती वाजता?"

"सातला. आठला सिस्टर आली. दार वाजवलं."

मॅडमनी वही मिटली. पुढचे लिहायचे की नाही ते त्यांना अजून ठरवता येत नव्हते.

"आठ वाजता ते जिवंत होते?"

"होते."

"आणि टकटक?"

"मी केली. दोन."

"त्यांनी सांगितलं म्हणून? तुझी खोली जाऊ नये म्हणून?"

मॅडमच्या आवाजात, त्यांच्या नकळत, एक विनवणी आली होती. मुलीने ती ऐकली.

"तसं सांगू शकते मी. कोण आहे खोटं पाडायला. पण नाही. ते म्हणाले, सिस्टरला हाक मार. दोनदा म्हणाले. मग हाताने चमचा मागितला. तिसरी टकटक केली की दार उघडतात ना. मी चमचा दिला नाही."

"खाली ऑक्सिजन होता."

"मला कुठे माहीत होतं. आणि माहीत असतं तरी, बाई, मी दिला नसता चमचा. सिस्टर आत आली असती, मला बघितलं असतं. बाबांना खाली नेलं असतं, मला बाहेर. बाहेर काय आहे ते तुम्हाला माहीत नाही, मला आहे. शेवटी शेवटी त्यांनी मागायचं सोडलं. नुसते बघत होते. दहा वाजता गेले."

"आणि मग त्यांचं जेवण जेवलीस."

"ताट आलं होतं," ती म्हणाली.

बाहेर कोणीतरी बादली सरकवली. मॅडमना आपण सगळे बरोबर ओळखले याचा आनंद व्हायला हवा होता. तो झालाही, सकाळी, पाठी मोजताना. आता तो कुठे ठेवावा हे त्यांना कळेना.

"आता लिहा," मुलगी म्हणाली. "मी मारलं म्हणून लिहा. मी अंगठा देते, सही देते, जे म्हणाल ते. तुरुंगात नेतील ना मला?"

"नेतील."

"तिथे पलंग असतो?"

मॅडमनी तिच्याकडे पाहिले. ती चेष्टा करत नव्हती. बापाच्या जिवाचा हिशोब तिने मंगळवारीच चुकता केला होता. आता ती त्याचे उरलेसुरले मागत होती: चार भिंती, दोन वेळा ताट, आत कोणी आहे याची खात्री करायला दार वाजवणारे कोणीतरी.

"असतो," मॅडम म्हणाल्या. "मी फोन करून येते."

फोन

"सापडलं?" खात्यातल्या वरिष्ठ साहेबांनी विचारले.

मॅडमनी सांगितले. साहेबांनी मधे एकदाही अडवले नाही.

"शाबास. डोकं आहे तुम्हाला. आता हे डोक्यातच ठेवा."

"साहेब, तिने कबुली दिलीये."

"कशाची? ती तिथे होती कुठे? कार्ड आहे? नोंद आहे? नोंदच नाही त्या बाईने मारलं असं लिहिलंत, की पहिला प्रश्न, ती दोन महिने राहिली कशी. दुसरा, मेलेल्या माणसाच्या नावापुढे चौदा वेळा 'ठीक' कुणी लावलं. तिसरा, हा टकटकीचा नियम कोणाचा."

"माझा."

"तुमचा. म्हणजे खात्याचा. बारा वाजता सही आहे. हे बाहेर आलं तर सही होत नाही. एकोणसाठ माणसं संध्याकाळी फुटपाथवर. दमेकरी आहेत त्यांत, म्हातारे आहेत. त्यांतले किती मरतील, सांगा अंदाजे. एका बाईला कोठडी मिळावी म्हणून?"

"डॉक्टर चार दिवस म्हणाले."

"थंड खोलीत अंदाज चुकतात. तेच म्हणतील तसं, माझं बोलणं झालंय."

अहवाल

*पहिला मसुदा.* दोनशे चौदामधील रहिवाशाचा मृत्यू मंगळवारी सकाळी दहाच्या सुमारास झाला. आठच्या फेरीच्या वेळी रहिवासी जिवंत होता व मदत मागत होता. त्याच्या मुलीने, जिला जागेअभावी नोंदणी नाकारण्यात आली होती, मदत मिळू दिली नाही व पुढे पाच दिवस त्याच्या वतीने टकटक केली. तपासणीची पद्धत दारामागे कोण आहे हे ओळखू शकत नाही.

*दुसरा मसुदा.* दोनशे चौदामधील रहिवाशाचा मृत्यू आठवड्याभरात केव्हातरी झाला. तपासणीच्या पद्धतीत सुधारणेला वाव आहे.

*तिसरा मसुदा.* दोनशे चौदामधील रहिवासी रविवारी पहाटे झोपेत नैसर्गिकरीत्या मरण पावला. शनिवार संध्याकाळपर्यंतच्या सर्व नोंदी ठीक आहेत.

बाराला पाच कमी असताना तिसरा मसुदा गेला. बारा वाजून दहा मिनिटांनी सही झाली.

फाटक

मुलगी हॉलमध्ये त्याच खुर्चीवर बसली होती. शेजारी ताट होते. सफाईवाल्याने आणून ठेवले होते. ते चाटूनपुसून रिकामे होते.

"गाडी आली?" तिने विचारले.

"कसली?"

"पोलिसांची."

"पोलीस येणार नाहीत," मॅडम म्हणाल्या. "तुझे वडील रविवारी झोपेत गेले. तू इथे नव्हतीस."

मुलीला हे समजायला वेळ लागला नाही. मॅडमना वाटले होते लागेल.

"मग दोनशे चौदा मोकळी आहे," ती म्हणाली.

"तीनशे बारा जणांची यादी आहे."

"यादीत घाला माझं नाव."

"नोंदणी बंद आहे."

"सफाईला ठेवा. ते म्हणाले ना, माणूस कमी आहे."

ते खरे होते. पण सफाईवाल्यांची नेमणूक ठेकेदाराकडून व्हायची, ठेकेदार कार्ड मागायचा, आणि राहण्याचा पत्ता असल्याशिवाय कार्ड मिळत नव्हते. मॅडमनी हे तिला शांतपणे समजावून सांगितले. आपण किती शांत आहोत हे त्यांना स्वतःलाच ऐकू येत होते.

पहारेकऱ्याने तिला फाटकापर्यंत नेले. सूट तिथेच काढून घेतला. तो पिवळ्या पिशवीत गेला. आत तिने बापाचा सदरा घातला होता. पहारेकरी तिच्याकडे न बघता म्हणाला, "जा बाई. मलाही नोकरी आहे."

ती गेली नाही. मॅडमची गाडी आवारातून वळून फाटकाशी आली, तेव्हा तिने फाटक वाऱ्याने मिटू नये म्हणून लावलेली वीट दोन्ही हातांनी उचलली आणि मागच्या काचेवर मारली. काच खळकन खाली आली. मॅडमच्या मांडीवर, फाइलवर, केसांत तुकडे पडले.

मग तिने दोन्ही हात पुढे केले, मनगटे जोडून, आणि पहारेकऱ्याकडे वळली. चेहऱ्यावर राग नव्हता. रांगेत अखेर आपला नंबर लागलेला माणूस जसा दिसतो, तशी ती दिसत होती.

"मॅडम," ड्रायव्हर म्हणाला, "पोलिसांना बोलवू? सरकारी गाडी आहे."

तक्रार केली तर जबाब घ्यावा लागेल. जबाबात ती बोलेल. कोण होती, कुठे राहत होती, बाप कधी मेला.

"वाऱ्याने फुटली," मॅडम म्हणाल्या.

"आज वारा—"

"लिहा तसं. चला."

पहारेकऱ्याने तिचे हात खाली केले. जोर करून नाही, नुसते खाली केले, आणि फाटक लावायला गेला. गाडी रस्त्याला लागेपर्यंत मॅडम फुटलेल्या काचेतून मागे बघत होत्या. मुलगी वाकून जमिनीवर दुसरा दगड शोधत होती. सापडत नव्हता. आवार स्वच्छ होते. सकाळी सातला ते तिनेच झाडले होते.